त्रिलोक गुर्टू यांचे ड्रमवादन : ठुमरीच्या लग्गीच्या अंगाने एक विचार

झाडीपट्टी रंगभूमीवर ऑर्गन-तबल्याशेजारी ऑक्टोपॅड आले, तेव्हा ‘परंपरेत भेसळ’ एवढे म्हणून अनेक अभ्यासक थांबले. जॅझ ड्रमवादक त्रिलोक गुर्टू यांच्याबाबत हीच गोष्ट ‘फ्यूजन’ या गौरवपर शब्दाने होते. दोन्ही शब्दांनी वादकाच्या हातात नेमके काय घडते हा प्रश्न टळतो. प्रस्तुत लेखात त्या प्रश्नाचा विचार केला आहे.

गुर्टू यांचा जन्म ३० ऑक्टोबर १९५१ रोजी मुंबईत झाला. आई शोभा गुर्टू या ठुमरी-दादऱ्याच्या थोर गायिका. आजी मेनकाबाई शिरोडकर याही गायिका व नृत्यांगना. तबला त्यांच्या हाती लहानपणीच आला. पाश्चात्त्य संगीत ऐकून शिकताना, ध्वनिमुद्रणात एकावर एक थर चढवले जातात हे ठाऊक नसल्याने, ते निरनिराळे भाग एकट्यानेच वाजवू पाहत, असे त्यांनीच पुढे सांगितले आहे. १९७० च्या दशकात त्यांनी डॉन चेरी व चार्ली मारियानो यांच्यासोबत वादन केले. १९८४ मध्ये कॉलिन वॉलकॉट यांचे निधन झाल्यावर ‘ओरेगॉन’ समूहातील त्यांची जागा गुर्टू यांच्याकडे आली.

त्यांची बैठक प्रथम लक्षात घ्यावी लागते. जॅझ ड्रमवादक स्टुलावर बसतो. गुर्टू जमिनीलगत, जवळजवळ गुडघ्यावर बसून वाजवतात. ड्रम, झांजा, तबला आणि पाण्याची बादलीसुद्धा हाताच्या टप्प्यात असते. ही केवळ नवलाई नव्हे. तबलजीची बैठक त्यांनी सोडली नाही, वाद्ये त्या बैठकीभोवती आणली.

या वादनाचे मूळ एकल तबलावादनातील कायदे-रेल्यांत शोधले जाते. मला ते अपुरे वाटते. ठुमरीत गायिका बोल-बनाव करीत असता तबलजी संथ ठेका धरून असतो. अखेरीस गायिका मुखड्यावर स्थिरावते आणि लग्गीत तबला मोकळा होतो. साथीदाराला मिळणारे हे स्वातंत्र्य अल्पकाळाचे, पण हक्काचे असते. जॅझमध्येही झांजेवर लय राखणारा ड्रमवादक आपली पाळी येताच मोकळा होतो. गुर्टू यांनी ही पाळीच मोडली. ते साथ करतानाच लग्गीच्या वृत्तीने वाजवतात. ठेका आणि त्याचे विसर्जन एकाच आवर्तनात चालू राहते. अर्थात जॉन मॅक्लॉफ्लिन यांच्या त्रयीत ते मुखाने जे बोल म्हणतात, त्यांतील गणित दाक्षिणात्य आहे. ते ठुमरीच्या खाती टाकता येणार नाही.

‘उस्फ्रेट’ (१९८८) या ध्वनिमुद्रिकेत शोभाताई स्वतः गायल्या आहेत. तेथे आईच्या स्वराला नटवण्याचा मोह मुलाने टाळला आहे. ड्रम्सचा आवाज मोठा. तरी स्वर जेथे रेंगाळतो तेथे वादन त्याला वाट देते, आणि तो सुटताच उसळते. घरात ऐकलेल्या साथीचे हे वळण आहे. उलट ‘क्रेझी सेंट्स’ (१९९३) मध्ये जो झाविनुल, पॅट मेथिनी असे मातब्बर पाहुणे असूनही, किंवा असल्यामुळेच, हे वळण मला अनेकदा हरवलेले वाटते. तेथे गुर्टू यांना प्रत्येकाशी वेगळी भाषा बोलावी लागते. शोभाताईंसमोर त्यांना एकच भाषा पुरली होती.