फेआनोर : निर्मिती, ममत्व आणि वारसा

जे. आर. आर. टॉल्कीन (१८९२-१९७३) यांच्या कल्पित सृष्टीतील सर्वश्रेष्ठ कारागीर म्हणजे फेआनोर. लेखकाच्या निधनानंतर चार वर्षांनी, १९७७ मध्ये, त्यांचे पुत्र क्रिस्टोफर टॉल्कीन यांनी संपादित करून प्रसिद्ध केलेल्या ‘द सिल्मारिलियन’ या ग्रंथात त्याची कथा येते. अहंकारामुळे नाश पावलेला शोकात्म नायक म्हणून या व्यक्तिरेखेचे वाचन करता येते. ते चुकीचे नाही. मात्र अपुरे आहे. फेआनोर आधी निर्माता आहे आणि नंतर योद्धा. म्हणून त्याने काय निर्माण केले आणि त्या निर्मितीशी कोणते नाते राखले, हे प्रश्न त्याच्या मूल्यमापनाच्या केंद्रस्थानी असावयास हवेत.

फेआनोर हा एल्फ या अमर वंशातील राजा फिन्वे याचा ज्येष्ठ पुत्र. त्याच्या जन्माने आई मीरिएल इतकी क्षीण झाली की तिने देहत्याग केला. पुढे फिन्वेने दुसरा विवाह केला आणि सावत्र भावांविषयीची अढी फेआनोरच्या मनात कायम राहिली. त्याने महतान या धातुकारागिराकडे विद्या संपादन केली व त्याची कन्या नेर्दानेल हिच्याशी विवाह केला. आरंभीच्या हानीचा आणि पुढील ममत्वाचा कार्यकारणसंबंध ग्रंथात उघडपणे मांडलेला नाही. तरी जे एकदा गमावले ते पुन्हा मिळत नाही, ही जाणीव या चरित्राच्या मुळाशी आहे, असे म्हणता येते.

त्याचा तरुणपणातील शोध म्हणजे लिपी. रूमिल या पूर्वसूरीच्या लिपीत सुधारणा करून त्याने ‘तेंग्वार’ ही अक्षरे सिद्ध केली. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ (१९५४-५५) या कादंबरीच्या परिशिष्टात टॉल्कीन यांनी तिची रचना स्पष्ट केली आहे. तिच्या मूळ चोवीस अक्षरांची मांडणी चार श्रेणी आणि सहा पायऱ्या अशी आहे. दंडाची उंची आणि वाटोळ्या भागाची संख्या यांवरून ध्वनींचे परस्परसंबंध कळतात. स्वर बहुधा व्यंजनावरील चिन्हांनी दाखविले जातात. देवनागरीतील वर्गांची आणि मात्रांची सवय असलेल्या वाचकास हे तत्त्व परके वाटणार नाही. भेद इतकाच की देवनागरीत अक्षराचा उच्चार ठरलेला असतो, तर तेंग्वारमध्ये तो भाषेनुसार ठरवून घेता येतो. म्हणजे फेआनोरने तयार वस्तूपेक्षा एक व्यवस्था दिली आणि तिचा विनियोग वापरणाऱ्यांवर सोपविला.

सिल्मारिल या तीन रत्नांची गोष्ट नेमकी उलट आहे. त्यांत दोन दिव्य वृक्षांचा प्रकाश साठविलेला होता. रत्नांची घडण फेआनोरची. प्रकाश मात्र त्याचा नव्हता. प्रारंभी तो ती उत्सवप्रसंगी मिरवीत असे. पुढे पिता व पुत्रांखेरीज इतरांस त्यांचे दर्शनही देईनासा झाला. मेल्कोरने वृक्षांचा घात केल्यावर त्या वृक्षांची निर्माती यावान्ना हिने रत्नांतील प्रकाश मागितला. त्यासाठी रत्ने फोडावी लागणार होती. काही कृती कर्त्याच्या हातून एकदाच घडतात, असे सांगून त्याने नकार दिला. या युक्तिवादात तथ्य आहे. यावान्नेलाही आपले वृक्ष पुन्हा घडविता येत नव्हते. परंतु त्याच वेळी मेल्कोरने फिन्वेला ठार करून रत्ने पळविल्याची वार्ता येते. रत्ने तर आधीच गेलेली होती. म्हणून त्या नकाराने वृक्षांच्या भवितव्यात फरक पडला नाही. फेआनोरच्या भवितव्यात मात्र पडला.

टॉल्कीन यांनी या युक्तिवादाची कसोटी पुढील प्रसंगात घेतली आहे. मेल्कोरच्या पाठलागासाठी फेआनोरला जहाजे हवी असतात. ती आपल्या अंतःकरणाची निर्मिती आहे आणि तशी पुन्हा घडणार नाही, असे सागरकाठचा राजा ओल्वे सांगतो. हा फेआनोरचाच युक्तिवाद आहे. पण दुसऱ्याच्या मुखातून आला तेव्हा तो त्यास ऐकू येत नाही. तो रक्तपात करून जहाजे घेतो आणि पैलतीरी जाळतो. निर्मितीचे पावित्र्य त्याला फक्त स्वतःपुरते मान्य होते, हे येथे उघड होते. या पार्श्वभूमीवर आउले या शिल्पदेवतेचे उदाहरण बोलके ठरते. आज्ञेविना बुटक्यांचा वंश घडविल्याचा दोष मान्य करून तो आपली निर्मिती नष्ट करण्यास सिद्ध होतो, आणि म्हणूनच ती त्याला जिवंत परत मिळते.

फेआनोर बालरॉग नामक अग्निदैत्यांकडून घायाळ होऊन मरण पावतो आणि त्याच्या देहाची राख होते. वारसा मात्र दोन वाटांनी चालतो. रत्नांसाठी घेतलेल्या शपथेने त्याचे सातही पुत्र बांधले गेले. अखेरीस एक रत्न आकाशात, एक पृथ्वीच्या अग्निगर्भात आणि एक समुद्रात गेले. त्यांपैकी आकाशस्थ रत्नाचाच प्रकाश पुढे गॅलाड्रिएलच्या कुपीतून फ्रोडो आणि सॅम यांना अंधाऱ्या गुहेत वाट दाखवितो. कोणाच्याही मालकीचा न राहिल्यावरच तो उपयोगी पडला. लिपीचा प्रवास त्याहून व्यापक आहे. मोरियाच्या दारावर फेआनोरचा नातू केलेब्रिम्बोर याने मैत्रीचा संकेत तिच्यातच कोरला; सॉरॉनने सत्तेच्या मुद्रिकेवरील लेखही त्याच अक्षरांत लिहिला. मुक्त केलेला शोध मित्राच्या हाती जातो तसा शत्रूच्याही हाती जातो, ही किंमत टॉल्कीन लपवीत नाहीत. तथापि शोध कडीकुलपात ठेवण्याची किंमत त्याहून मोठी असल्याचे या कथेतून दिसते.

या विवेचनास लेखकाच्या चरित्राचाही आधार मिळतो. पहिल्या महायुद्धाच्या काळात आरंभलेली ही कथाचक्रे टॉल्कीन आयुष्यभर फिरून फिरून घडवीत राहिले, आणि ग्रंथ दुसऱ्याच्या हातून वाचकांपर्यंत पोहोचला. आज त्यांच्या लिपीत वाचक आपापल्या भाषा लिहितात. फेआनोरचे नाव रत्नांमुळे गाजले. त्याचे कार्य मात्र अक्षरांतून टिकले.