नसलेल्या ग्रंथाची कीर्ति

इंग्रजी भयकथांच्या वाचकांस 'नेक्रोनॉमिकॉन' हें नांव नवें नाहीं. एका वेड्या अरब कवीनें लिहिलेला, वाचणाऱ्याची बुद्धि भ्रष्ट करणारा हा गूढविद्येचा ग्रंथ अमेरिकन कथालेखक हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) याच्या अनेक कथांत डोकावतो. असा ग्रंथ कधींच नव्हता. तो सर्वस्वीं लव्हक्राफ्टच्या कल्पनेंतला. असें असूनहि तो खरा आहे काय, अशी पृच्छा लेखकाकडे त्याच्या हयातींतच होऊं लागली, आणि त्याच्या मृत्यूनंतर तर त्या नांवाचीं पुस्तकें बाजारांत आलीं. ही कीर्ति कशानें मिळाली, व तीमुळें वाङ्मयाचें हित झालें कीं हानि, याचा थोडा विचार येथें करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

ग्रंथकार म्हणून सांगितलेला अब्दुल अल्हझ्रेद १९२१ सालच्या 'दि नेमलेस सिटी' या कथेंत प्रथम येतो. ग्रंथाचें नांव १९२४ सालीं प्रसिद्ध झालेल्या 'दि हाउंड' या कथेंत उमटतें. पुढें १९२७ सालीं लव्हक्राफ्टनें ग्रंथाचा एक छोटासा 'इतिहास'च लिहून काढला. त्याप्रमाणें येमेनमधील साना येथील या कवीनें इ. स. ७०० च्या सुमारास प्रसिद्धि मिळविली. ७३८ मध्यें भर दिवसा, लोकांच्या देखत, एका अदृश्य प्राण्यानें त्यास खाऊन टाकिलें. ९५० मध्यें ग्रंथाचें ग्रीक भाषांतर झालें, १०५० मध्यें तें जाळण्यांत आलें, १२२८ मध्यें लॅटिन भाषांतर झालें आणि १२३२ मध्यें पोप नववा ग्रेगरी यानें त्यावर बंदी घातली. उरलेल्या प्रती कोठें आहेत तेंहि त्यानें सांगितलें आहे : ब्रिटिश म्यूझियम, पॅरिसचें राष्ट्रीय ग्रंथालय, हार्वर्ड, आणि या खऱ्या नांवांच्या रांगेंत अगदीं निःशंकपणें बसविलेलें मिस्कॅटॉनिक हें काल्पनिक विश्वविद्यालय.

या युक्तीचें मर्म आम्हां शिकलेल्या मंडळींनीं ध्यानीं घेण्याजोगें आहे. भुताच्या गोष्टीस आपण हंसतों. परंतु तीच गोष्ट सन, भाषांतरकार व ग्रंथालय यांसह सांगितली, म्हणजे आपली शंका मंदावते. १२३२ सालीं नववा ग्रेगरी खरोखरच पोप होता. लॅटिन भाषांतरकार म्हणून योजिलेला ओलाउस वॉर्मियस हाहि खरा डॅनिश पंडित. मात्र तो १५८८ सालीं जन्मला, म्हणजे त्या भाषांतरानंतर साडेतीन शतकांहून अधिक काळानें. कवीचें नांव तर अरबी व्याकरणांत बसतच नाहीं. 'अब्दुल' या पदांत 'अल' आधींच आलेला असतां तो पुढें पुन्हां जोडला आहे! हें नांव लव्हक्राफ्टनें 'अरेबियन नाइट्स'च्या नादांत, पांच वर्षांच्या वयाच्या सुमारास, खेळांत स्वतःस घेतलें होतें. इतके दोष डोळ्यांपुढें असतांहि वाचक फसतो, कारण सनावळी पाहिली कीं ती तपासण्याची गरज त्यास वाटत नाहीं.

येथें एका गोष्टीबद्दल लव्हक्राफ्टला दोष दिल्यावांचून राहवत नाहीं. पौर्वात्य ज्ञान म्हणजे कांहीं तरी काळोखी व विषारी, हा ग्रह या कल्पनेच्या मुळाशीं आहे, आणि लेखकाचा वर्णद्वेष त्याच्या पत्रांतून उघड दिसतो. त्याच्या कथेंत अरबी ग्रंथ ग्रीकांत जाऊन विनाश पसरवितो. प्रत्यक्षांत ७६२ सालीं स्थापन झालेल्या बगदादेंत पुढें ग्रीक वैद्यक, गणित व तत्त्वज्ञान अरबींत उतरून सुरक्षित राहिलें.

तथापि कलावंत या नात्यानें त्याचा संयम वाखाणण्यासारखा आहे. ग्रंथांतील उतारे तो अगदीं तुरळक देतो. १९२९ सालच्या 'दि डनविच हॉरर'मध्यें येणारा उताराच काय तो लांबलचक. संपूर्ण ग्रंथ लिहावा असें चाहत्यांनीं सुचविलें, तेव्हां, सूचनेनें जें भय उभें राहतें त्याचा अल्पांशहि प्रत्यक्ष ग्रंथ निर्माण करूं शकणार नाहीं, अशा अर्थाचें त्यानें १९३६ सालीं लिहिलें. हें त्याचें मत आम्हांस पूर्णपणें पटतें.

त्याचे मित्र हें मर्म जाणून होते. क्लार्क ॲश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड प्रभृतींनीं आपापले काल्पनिक ग्रंथ निर्माण केले, आणि ते परस्परांच्या कथांतून फिरूं लागले. तो जाणत्यांचा खेळ होता. १९७३ सालीं स्प्रेग डी कॅम्प याच्या प्रस्तावनेसह निघालेलें 'अल अझिफ' कोणासहि न वाचतां येणाऱ्या लिपींत होतें. थट्टा तेथेंहि शाबूत होती. १९७७ सालीं मात्र 'सायमन' या टोपणनांवानें निघालेल्या पुस्तकांत सुमेरी देवतांचीं नांवें घालून प्रत्यक्ष मंत्रविधि दिले गेले, आणि ते खरे मानणारे लोकहि निघाले. थट्टा दोन्ही पक्षांस ठाऊक असेपर्यंतच ती थट्टा; एकासच ठाऊक असली म्हणजे तिला फसवणूक म्हणावें लागतें.

या संदर्भांत गुणाढ्याच्या 'बृहत्कथे'चें स्मरण होतें. कथा अशी, कीं त्यानें पैशाची भाषेंत, स्वतःच्या रक्तानें सात लक्ष श्लोक लिहिले. प्रतिष्ठानच्या सातवाहन राजानें ते अव्हेरले, तेव्हां पशुपक्ष्यांस वाचून दाखवीत त्यानें सहा लक्ष अग्नीस अर्पण केले. मूळ ग्रंथ आज उपलब्ध नाहीं. परंतु क्षेमेंद्र व सोमदेव यांनीं अकराव्या शतकांत तो हरवलेला मूळ ग्रंथ सांपडल्याचा आव आणला नाहीं. त्या कथा आपल्या संस्कृतांत, आपल्या नांवानें सांगितल्या. वारसा चालविण्याची ही रीत आम्हांस अधिक प्रामाणिक वाटते.

लव्हक्राफ्टचा खरा वारसा त्या बाजारी पोथ्यांत शोधूं नये. 'दि डनविच हॉरर' वाचावी. त्या ग्रंथाचें पान उघडतां उघडतां कथा जेथें थांबते, तेथें वाचकानेंहि थांबावें. पुढचें पान लिहिलेलें नाहीं, आणि तें तसेंच राहण्यांत त्या कथांचें बळ आहे.