खलनायकाचा दुसरा मृत्यू

'अ‍ॅव्हेंजर्स : एंडगेम' (२०१९) या चित्रपटात थॅनॉस दोनदा मरतो. पहिला मृत्यू अगदी सुरुवातीलाच येतो. विश्वातली निम्मी जीवसृष्टी एका चुटकीत नाहीशी करून तो एका एकाकी ग्रहावर शेती करत राहिलेला असतो. ज्या इन्फिनिटी स्टोन्सच्या बळावर त्याने हे केले, ते स्टोन्सही त्याने नष्ट केलेले असतात. सुपरहिरो थॉर एका घावात त्याचे मुंडके उडवतो, आणि त्यातून कुणाच्याही पदरात काही पडत नाही. दुसरा मृत्यू शेवटच्या महायुद्धात येतो. टोनी स्टार्क स्वतःच्या प्राणांचे मोल देऊन थॅनॉसची आणि त्याच्या सेनेची राख करतो. मात्र दुसऱ्यांदा मरणारा थॅनॉस पहिल्यांदा मेलेला थॅनॉस नसतो. तो २०१४ सालातून, वेगळ्या टाइमलाइनमधून आलेला असतो.

या एका युक्तीने पुढच्या काही वर्षांच्या सुपरहिरो चित्रपटांची वाट ठरवली. मेलेला खलनायक दुसऱ्या काळातून किंवा दुसऱ्या विश्वातून परत आणायचा, हा या कलाप्रकाराचा जणू नियमच झाला. आता मृत्यूला काही अर्थच उरला नाही, अशी तक्रार सर्रास ऐकू येते. ती मला अपुरी वाटते. कथेत माणसे मरून परत येणे हा दोष नाही. जगभरच्या पुराणकथा त्यावर उभ्या आहेत. परत येणाऱ्याबरोबर त्याच्या कृत्यांची आठवण कोण आणतो, हा खरा प्रश्न आहे. तो ज्या चित्रपटांनी विचारला ते टिकले आणि ज्यांनी टाळला ते विस्मरणात जात आहेत, असे माझे मत आहे.

ही युक्ती मूळची कॉमिक्सची. १९६१ साली डीसी या कॉमिक्स कंपनीच्या 'द फ्लॅश'च्या १२३व्या अंकात लेखक गार्डनर फॉक्स आणि चित्रकार कार्माइन इन्फँटिनो यांनी दोन पृथ्वींवरच्या दोन फ्लॅशची भेट घडवली, आणि तिथून समांतर विश्वांचा मार्ग खुला झाला. पुढे ही विश्वे इतकी वाढली की १९८५-८६ मध्ये 'क्रायसिस ऑन इन्फिनिट अर्थ्स' लिहून डीसीला ती आवरती घ्यावी लागली. थॅनॉस जिम स्टार्लिन यांनी १९७३ मध्ये निर्माण केला, १९७७ मध्ये मारला आणि १९९० मध्ये परत आणला. स्पायडरमॅनचा वैरी नॉर्मन ऑस्बॉर्न १९७३ मध्ये मेला तो १९९६ पर्यंत मेलेलाच राहिला. तेवीस वर्षांचा तो मृत्यू वाचकांच्या एका पिढीने खरा मानला होता, म्हणून त्याचे परतणे ही मोठी घटना ठरली. महिन्यामागून महिना चालणाऱ्या मालिकेला मृत्यू जिरवायला असा अवकाश मिळतो. चित्रपटाच्या हाती अडीच-तीन तास असतात, शिवाय प्रेक्षकासमोर एका नटाचा जिताजागता चेहरा असतो. तीच युक्ती पडद्यावर म्हणूनच जास्त जोखमीची होते.

'एंडगेम'ची जोखीम समजून घ्यायची तर आधीचा 'इन्फिनिटी वॉर' (२०१८) आठवावा लागतो. दिग्दर्शक अँथनी आणि जो रुसो, लेखक ख्रिस्तोफर मार्कस आणि स्टीफन मॅकफीली यांनी त्या चित्रपटाची रचनाच खलनायकाभोवती केली होती. ध्येय थॅनॉसचे, प्रवास त्याचा आणि त्यागही त्याचाच. सोल स्टोनसाठी तो मुलगी मानलेल्या गमोराला व्होर्मिरच्या कड्यावरून ढकलतो, तेव्हा त्याच्या डोळ्यांत खरेखुरे पाणी असते. जोश ब्रोलिनने संगणकीय मुखवट्याच्या आतून ते दुःख प्रेक्षकांपर्यंत पोहोचवले. शेवटी पडद्यावर 'थॅनॉस परत येईल' अशी ओळ उमटते. या मालिकेत असे आश्वासन नायकांबद्दल देण्याची रीत होती. इथे ते खलनायकाबद्दल दिलेले आहे.

परत आला तो मात्र दुसराच होता. २०१४चा थॅनॉस अजून गमोराला मुकलेला नाही. चुटकीपर्यंतचा प्रवास त्याने केलेला नाही, आणि त्या प्रवासाने आलेला थकवाही त्याच्यात नाही. तो चिलखत घालून उतरलेला विजेता आहे. पात्र म्हणून तो उणा आहे, हे मान्य करायला हवे. ही उणीव भरून काढणारा एक विचार मात्र लेखकांनी त्याच्या तोंडी दिला आहे, आणि माझ्या मते या साऱ्या मल्टिव्हर्सपटांचा, म्हणजे समांतर विश्वांच्या चित्रपटांचा, गाभा त्यातच आहे. नेब्युला या त्याच्या दुसऱ्या मानलेल्या मुलीच्या स्मृतिकोशातून त्याला स्वतःचे भविष्य दिसते : यश, शिरच्छेद आणि मागे उरलेल्यांची झुंज. त्यावरून तो असा निष्कर्ष काढतो, की जे होते त्याची आठवण ठेवणारे जोवर आहेत, तोवर जे होऊ शकते ते स्वीकारू न शकणारेही असणार. म्हणून आता सगळे विश्व मोडायचे आणि काय गमावले हे ज्याला ठाऊकच नसेल असे नवे विश्व घडवायचे. पहिल्या थॅनॉसने जीव घेतले होते. दुसऱ्याला आठवण पुसायची आहे. इथे खलनायकाचे परतणे कथेला पुढे नेते, कारण परतल्यामुळेच त्याचा गुन्हा अधिक खोल होतो.

शेवटच्या महायुद्धात वांडा ही नायिका या दुसऱ्या थॅनॉससमोर येते. पहिल्या थॅनॉसने तिच्या डोळ्यांदेखत तिच्या प्रियकराच्या, व्हिजनच्या, कपाळातून माइंड स्टोन उपटून काढला होता. तिने आधी स्वतःच्या हाताने व्हिजनला संपवले होते, तर त्याने काळ उलटा फिरवून त्याला जिवंत केले आणि पुन्हा मारले. तू माझे सर्वस्व हिरावलेस, असे ती म्हणते. तो उत्तरतो, की तू कोण हेही मला माहीत नाही. हे उत्तर अक्षरशः खरे आहे! सूड घ्यायला आलेल्या बाईसमोर चेहरा तोच आहे आणि अपराधी मात्र कधीच मेलेला आहे. या प्रसंगात एका थोर शोकांतिकेचे बीज होते. चित्रपट तिथे क्षणभर रेंगाळतो आणि लगेच स्फोटांकडे वळतो. दुसरी जागा नेब्युलाची. ती स्वतःच्या २०१४च्या रूपावर गोळी झाडते, म्हणजे बापाची आज्ञा पाळणारी आपली जुनी ओळख स्वतःच्या हाताने संपवते. त्या काही क्षणांत टाइमलाइनचा खेळ माणसाच्या आत उतरतो. 'एंडगेम'ची जगभरातली कमाई सुमारे २८० कोटी डॉलरच्या घरात गेली, त्यामागे अकरा वर्षांची मालिका आणि जाहिरातीचे बळ होतेच. तरी प्रेक्षक थिएटरात रडले ते अशा जागांमुळे, असे मला ठामपणे वाटते.

त्यानंतर या प्रश्नाला सर्वांत धीटपणे भिडला तो 'स्पायडर-मॅन : नो वे होम' (२०२१). जॉन वॉट्सच्या या चित्रपटात जुन्या दोन मालिकांतले खलनायक परत येतात. विलेम डफोचा ग्रीन गॉब्लिन २००२चा, तर आल्फ्रेड मोलिनाचा डॉक्टर ऑक्टोपस २००४चा. आपापल्या विश्वात ते स्पायडरमॅनशी लढताना मरणार आहेत, हे कळल्यावर पीटर पार्करपुढे धर्मसंकट उभे राहते. त्यांना परत पाठवणे म्हणजे मृत्यूच्या हवाली करणे. जादूगार डॉक्टर स्ट्रेंज म्हणतो, ते त्यांचे विधिलिखित आहे. पीटर ते मानत नाही आणि त्यांना बरे करायला निघतो. त्या दयेची किंमत म्हणून त्याची मे काकू प्राणाला मुकते.

शेवटी संतापलेला पीटर गॉब्लिनला त्याच्याच ग्लायडरने मारायला धावतो. २००२ मध्ये ऑस्बॉर्न त्याच ग्लायडरच्या पात्यांनी मेला होता. त्या जुन्या मालिकेतला टोबी मॅग्वायरचा पीटरही इथे आलेला असतो; तो एक शब्दही न बोलता मध्ये उभा राहतो आणि ते हत्यार रोखून धरतो. तो मृत्यू त्याने प्रत्यक्ष पाहिलेला आहे आणि त्याचे ओझे इतकी वर्षे वागवलेले आहे. खलनायकाला जे आठवणे शक्य नाही ते इथे नायकाला आठवते, आणि त्या आठवणीतून दया जन्मते. पुढे जग वाचवण्यासाठी या विश्वातल्या पीटरला साऱ्या जगाच्या स्मृतीतून स्वतः पुसले जावे लागते. मैत्रीण, मित्र, सगळे त्याला विसरतात. परत आलेल्यांचा हिशेब कुणीतरी चुकता करावा लागतो, हे या चित्रपटाने मान्य केले.

हीच समज दोन ॲनिमेशनपटांत आणि एका मालिकेतही दिसते. 'इनटू द स्पायडर-व्हर्स' (२०१८) मध्ये खलनायक किंगपिनला आपली मेलेली बायको आणि मुलगा दुसऱ्या विश्वातून आणायचे आहेत. ती दोघे क्षणभर दिसतात, त्याला मारामारी करताना पाहतात आणि मागे सरतात. पहिल्या वेळीही त्या दोघांनी त्याला असेच पाहून त्याच्यापासून पळ काढला होता. गेलेल्या माणसाच्या जागी दुसरे माणूस बसवता येत नाही, एवढे मोठे सत्य त्या काही सेकंदांत सांगून झाले आहे. 'अक्रॉस द स्पायडर-व्हर्स' (२०२३) त्याच्याही पुढे जातो. प्रत्येक स्पायडरमॅनच्या आयुष्यात ठरावीक मृत्यू घडलेच पाहिजेत, या नियमालाच तो आव्हान देतो.

'लोकी' या मालिकेचे यश तर मला सर्वांत मोठे वाटते. 'इन्फिनिटी वॉर'च्या सुरुवातीला थॅनॉस लोकीला गळा दाबून मारतो, तोवर तो सुधारलेला, भावासाठी जीव देणारा झालेला असतो. 'एंडगेम'मध्ये २०१२चा, म्हणजे न सुधारलेला, लोकी स्पेस स्टोन असलेला टेसरॅक्ट घेऊन निसटतो. २०२१ मध्ये आलेल्या मालिकेच्या पहिल्याच भागात त्याला त्याचे पुढचे आयुष्य पडद्यावर दाखवले जाते : आईचा मृत्यू, भावाशी समेट आणि शेवटी स्वतःचा अंत. जे त्याने जगलेले नाही त्याची आठवण त्याला दिली जाते. तयार सुधारणा मात्र त्याला मिळत नाही. ती दोन पर्वे झगडून कमवावी लागते. नोव्हेंबर २०२३ मध्ये मालिका संपते तेव्हा सिंहासनासाठी हपापलेला हा माणूस एका एकाकी आसनावर बसून सगळ्या टाइमलाइन्स स्वतःच्या हातांनी तोलून धरतो. टॉम हिडलस्टनने तो बदल पायरी-पायरीने उभा केला. पर्यायी काळातून आणलेल्या खलनायकाचे काय करता येते, याचा हा नमुना आहे.

अपयशेही याच निकषावर तपासता येतात. 'ॲन्ट-मॅन ॲन्ड द वास्प : क्वांटुमेनिया' (२०२३) मध्ये कँग हा मोठा खलनायक म्हणून पुढे आणला गेला. त्याने असंख्य टाइमलाइन्स नष्ट केल्या, असे आपल्याला सांगितले जाते. त्यांतल्या एकाही माणसाला आपण भेटत नाही, त्यामुळे तो विध्वंस आकड्यापलीकडे जात नाही. शेवटी कँग पडतो, आणि श्रेयनामावलीच्या मध्येच हजारो कँग जमलेले दाखवून त्या विजयाची हवा काढून घेतली जाते. एकाच्या मरणाने काही बिघडत नसेल तर त्याच्या जगण्याची भीती तरी का वाटावी? डिसेंबर २०२३ मध्ये कँग साकारणाऱ्या जोनाथन मेजर्सला न्यायालयाने दोषी ठरवले आणि या चित्रपटांची निर्माती मार्व्हल हिने त्याच्याशी संबंध तोडले. कथेच्या नियमांनुसार कँगला नवा चेहरा देणे सहज शक्य होते, तरी पुढच्या महाचित्रपटाचा खलनायकच बदलला गेला. कँगवाचून कथेचे काही अडत नव्हते, हेच त्यातून दिसले.

'द फ्लॅश'ने (२०२३) तर आपल्याच पूर्वजाचे मोल घटवले. 'मॅन ऑफ स्टील' (२०१३) मध्ये एका कुटुंबाला वाचवण्यासाठी सुपरमॅन जनरल झॉडची मान मोडतो आणि आक्रोश करतो. तो शेवट पटो वा न पटो, त्यात हत्येचे वजन होते. दहा वर्षांनी झॉड परतला तो सुपरमॅन नसलेल्या जगात, म्हणजे त्याच्या मृत्यूचे ओझे वाहणारा माणूसच तिथे नाही. झॉड साकारणाऱ्या मायकेल शॅननने स्वतःच नंतर मुलाखतीत सांगितले, की नट म्हणून या कामाने त्याचे समाधान झाले नाही. असे चित्रपट त्याला खेळण्यातल्या बाहुल्या हाती घेऊन खेळल्यासारखे वाटले.

या साऱ्यामागे धंद्याची गणिते आहेत. मार्च २०१९ मध्ये डिस्नीने फॉक्सचा चित्रपट-व्यवसाय ताब्यात घेतला आणि एक्स-मेन मार्व्हलच्या घरी आले. स्पायडरमॅनचे चित्रपटहक्क सोनीकडे असल्याने तो करारावर येतो-जातो. हक्कांच्या या सीमा कथेत ओलांडायला मल्टिव्हर्स सोयीचा ठरला. जुन्या नटांना आणि त्यांच्याबरोबर जुन्या प्रेक्षकांनाही परत आणता आले. सोय म्हणून जन्मलेल्या युक्तीतूनही कला निर्माण होते, हे 'नो वे होम'ने दाखवले. मात्र सोयीवरच थांबलेल्या युक्तीला प्रेक्षक फार काळ साथ देत नाहीत.

आपल्या परंपरेत खलनायकाच्या पुनरागमनाची एक पक्की रचना आहे. विष्णूचे द्वारपाल जय-विजय शापामुळे हिरण्याक्ष-हिरण्यकशिपू, मग रावण-कुंभकर्ण आणि मग शिशुपाल-दंतवक्र होऊन येतात. जन्म तीनच आहेत. प्रत्येक जन्मात नवे अपराध घडतात, म्हणून प्रत्येक वध नव्याने आवश्यक ठरतो, आणि प्रत्येक मृत्यू त्यांना सुटकेच्या जवळ नेतो. त्यांना स्वतःला मागचा जन्म आठवला नाही तरी कथेला तो आठवतो. परतण्याला मर्यादा आहे, कारण आहे आणि हिशेब आहे. हॉलिवूडच्या लेखकांनी आपली पुराणे वाचावीत असे मला म्हणायचे नाही. पुनरागमन पेलायला कथेला काय लागते, ते इथे स्वच्छ दिसते इतकेच.

जुलै २०२४ मध्ये सॅन दिएगो कॉमिक-कॉनच्या मंचावर टोनी स्टार्क साकारलेल्या रॉबर्ट डाउनी ज्युनियरने मुखवटा काढला आणि 'अ‍ॅव्हेंजर्स : डूम्सडे'मध्ये तो डॉक्टर डूम साकारणार हे जाहीर झाले. प्रदर्शनासाठी पुढे डिसेंबर २०२६ हा महिना ठरवला गेला. ज्या चेहऱ्याने थॅनॉसला संपवताना प्राण दिले, तोच चेहरा आता खलनायकाचा असेल. हा निर्णय केवळ तिकीटखिडकीसाठी घेतला असेल, तर टोनी स्टार्कचे बलिदान मागे जाऊन स्वस्त होईल. पण त्या चेहऱ्यासमोर त्याच्या जुन्या सोबत्यांना खरोखर उभे केले, वांडाच्या त्या प्रसंगात जे अर्धवट राहिले ते इथे पूर्ण केले, तर याच निर्णयातून या साऱ्या पर्वाची सर्वांत उत्कट कथा निघू शकते. मेलेल्याला परत आणण्याचा अधिकार लेखकाला नक्की आहे. त्या मृत्यूने जे दुखावले गेले त्यांना बोलू देण्याची जबाबदारीही त्या अधिकाराबरोबरच येते, आणि पुढच्या प्रत्येक चित्रपटाला प्रेक्षकांनी हाच निकष लावावा.