आल्फ्रेड जारी : आख्यायिका आणि रंगभूमी

विसाव्या शतकातील प्रयोगशील रंगभूमीचा इतिहास सांगताना फ्रेंच नाटककार आल्फ्रेड जारी (१८७३–१९०७) याचे नाव आरंभीच घेतले जाते. परंतु त्याच्या नावापाठोपाठ बहुधा किस्सेच येतात. जवळ पिस्तूल बाळगणारा, सायकलवरून पॅरिसभर हिंडणारा, अबसाँतच्या व्यसनात बुडालेला, स्वतःविषयी 'आम्ही' असे राजेशाही बहुवचनात बोलणारा आणि मृत्युशय्येवर दात कोरण्याची काडी मागणारा विक्षिप्त माणूस, ही त्याची प्रतिमा होय. ती सर्वस्वी खोटी नाही. मात्र या प्रतिमेने त्याच्या नाट्यविचाराकडे जाणारी वाट अडविली आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. वयाच्या ३४व्या वर्षी क्षयाने मरण पावलेल्या या लेखकाचे नाट्यक्षेत्रातील नेमके कर्तृत्व कोणते, एवढाच प्रश्न येथे विचारात घ्यावयाचा आहे.

हा प्रश्न वाटतो तितका सोपा नाही. लाव्हाल येथे जन्मलेला जारी १८८८ मध्ये रेन येथील शाळेत दाखल झाला. तेथे फेलिक्स एबेर नावाच्या भौतिकशास्त्राच्या शिक्षकाची विद्यार्थी यथेच्छ टवाळी करीत. त्या टवाळीतून मोरँ बंधूंनी एक प्रहसन रचले होते आणि मुलांनी ते बाहुल्यांच्या साहाय्याने सादरही केले. 'उबू र्‍वा' (राजा उबू) या नाटकाचे मूळ हेच. १९२१ मध्ये शार्ल शासे या अभ्यासकाने ही हकीकत पुस्तकरूपाने मांडली, तेव्हा जारीच्या लेखकत्वावरच प्रश्नचिन्ह उभे राहिले. संहितेपुरते पाहिल्यास आक्षेपात तथ्य आहे. पत्नीच्या चिथावणीवरून पोलंडच्या राजाचा खून करणारा, सरदारांना व न्यायाधीशांना खड्ड्यात लोटणारा आणि स्वतः दारोदार कर गोळा करीत फिरणारा तुंदिलतनू उबू हा शेक्सपिअरच्या 'मॅक्बेथ'चे शालेय विडंबन वाटतो. मग जारीचे त्यात काय?

याचे उत्तर संहितेत नव्हे, तर ८ जानेवारी १८९६ रोजी दिग्दर्शक लुन्ये-पो यास लिहिलेल्या त्याच्या पत्रात सापडते. मुख्य पात्रास मुखवटा असावा. घोडा दाखविण्यासाठी नटाच्या गळ्यात पुठ्ठ्याचे अश्वमुख अडकवावे. नेपथ्य एकच असावे आणि स्थळ बदलले की औपचारिक पोशाखातील माणसाने येऊन पाटी लावावी. सैन्याच्या जागी एकच शिपाई पुरे. उबूने एका विशिष्ट आवाजातच बोलावे. अशा सूचना त्याने केल्या आहेत. पोरांच्या खेळातील साधनांची गरिबी त्याने जाणीवपूर्वक रंगभूमीचे तत्त्व म्हणून स्वीकारली. मूळ खेळ मोरँ बंधूंचा असेल. पण त्या खेळात वास्तववादी रंगभूमीला दिलेले उत्तर दडलेले आहे, हे ओळखणारी दृष्टी जारीची होती. नाटकाचे स्थळ पोलंड, म्हणजेच कोठेही नाही, असे त्याने प्रयोगापूर्वीच्या भाषणात सांगितले. पोलंडची फाळणी होऊन तो देश त्या काळी नकाशावर उरला नव्हता, हे लक्षात घेतल्यास या विनोदाची धार कळते.

१० डिसेंबर १८९६ च्या प्रयोगाविषयी नेहमी सांगितले जाते, की नाटकाच्या पहिल्याच शब्दाने प्रेक्षागृहात गदारोळ माजला. तो शब्द विष्ठावाचक असून जारीने त्यात एक जादा 'र' घातला आहे. मराठी अनुवादकाने या अक्षरापाशी थांबून विचार करावयास हवा. नुसती शिवी योजली तर उरते केवळ अश्लीलता; सौम्य प्रतिशब्द योजला तर काहीच उरत नाही. वाकविलेली शिवी ही उबूची स्वतःची भाषा आहे. परंतु उबूची भूमिका करणाऱ्या फर्मँ जेमिएची आठवण वेगळेच सांगते. तिच्यानुसार खरा स्फोट झाला तो तुरुंगाच्या प्रसंगी. दाराच्या जागी एक नट हात पुढे करून उभा होता आणि उबूने त्या हातातच किल्ली फिरविली. ही आठवण ग्राह्य धरल्यास प्रेक्षकांना शिवीहून अधिक बोचला तो माणसाचा दार म्हणून झालेला वापर, असे म्हणावे लागते. प्रेक्षकांत बसलेले कवी येट्स यांनी नाटकाच्या बाजूने आरडाओरडा केला खरा, पण रात्री त्यांना विषण्णतेने घेरले. त्यांचे हे दुहेरी वर्तन हाच या प्रयोगाचा सर्वांत प्रामाणिक अभिप्राय मानावा.

'उबू आंशेने' (१९००) या उत्तरनाट्याकडे समीक्षकांचे दुर्लक्ष झाले आहे, ते अनुचित वाटते. येथे उबू हौसेने गुलाम होतो आणि 'स्वतंत्र पुरुष' हुकमानुसार आज्ञाभंगाची कवायत करतात. स्वातंत्र्यही शिस्तीचा गणवेश चढवू शकते, ही जाण पहिल्या नाटकात नाही. जारीच्या कादंबऱ्यांविषयी, विशेषतः 'ल स्युर्माल'मधील (१९०२) स्त्रीचित्रणाविषयी, इतका अनुकूल अभिप्राय देता येणार नाही.

जारीच्या वारशाची नोंद सहज करता येते. १९२६ मध्ये आर्तो व वित्राक यांनी आपल्या नाट्यसंस्थेस त्याचेच नाव दिले. त्याने कल्पिलेल्या 'पाताफिजिक' या काल्पनिक उपायांच्या शास्त्राच्या नावाने १९४८ मध्ये पॅरिसमध्ये एक 'विद्यापीठ' निघाले आणि आयनेस्को, केनो यांच्यासारखे लेखक त्यात सामील झाले. (पदव्या आणि समित्यांच्या दुनियेत वावरणाऱ्या आम्हां प्राध्यापकांना त्या विद्यापीठातील पदांची लांबलचक उतरंड पाहून थोडे ओशाळल्यासारखे होते.) मार्टिन एस्लिनच्या १९६१ च्या ग्रंथामुळे असंगत नाट्याचा पूर्वसूरी म्हणून जारीचे स्थान पक्के झाले.

परंतु केवळ पूर्वसूरी म्हणून त्याची बोळवण करणे पुरेसे नाही. १९९७ मध्ये दक्षिण आफ्रिकेत जेन टेलर लिखित आणि विल्यम केंट्रिज दिग्दर्शित 'उबू अँड द ट्रुथ कमिशन' हे नाटक झाले. त्यात उबू वर्णद्वेषी राजवटीच्या हस्तकाच्या रूपात येतो. जारीला अत्याचारी राजा बाहुलीसारखा हवा होता. येथे उबू हाडामांसाचा नट आहे आणि सत्यशोधन आयोगापुढील साक्षी सांगणारे पीडित मात्र लाकडी बाहुल्या आहेत. त्या साक्षी प्रत्यक्ष आयोगासमोर दिल्या गेलेल्या आहेत. जारीच्या नाटकात खड्ड्यात लोटलेल्यांना बोलावयास वेळच मिळत नाही, प्रेक्षक हसून पुढे जातो. शंभर वर्षांनंतर त्याचेच तंत्र उलटे फिरवून त्या खड्ड्यातील आवाज ऐकविता आला.