प्रलय आपला नव्हे

दोस्तांनो, सुरुवात माझ्याच कवितेपासून करतो. म्हणजे मग तुमच्या कवितांवर बोलायला तोंड राहील.

मागे वस्तीतल्या विहारात कवितावाचन झालं. मी ‘प्रलय’ नावाची कविता वाचली. आभाळ फाटू दे, समुद्र चढू दे, हे सगळं एकदाचं बुडू दे आणि नवं जग उगवू दे, असा तिचा एकूण सूर. टाळ्या पडल्या. बाहेर चहा घेताना आमच्या सूतगिरणीत झाडलोट करणारी मावशी म्हणाली, “पोरा, समदं बुडवलंस, ब्येस केलंस. पन पुन्यांदा उगवल्यावर खराटा कुनाच्या हातात देनार, त्ये काय सांगितलं न्हाईस.”

मला उत्तर देता आलं नाही. त्या आठवड्यात तिसरी पाळी होती. सकाळी सुटल्यावर मनुस्मृतीचं मराठी भाषांतर काढलं आणि पहिला अध्याय वाचत बसलो. मी नववीत शाळा सोडलेला माणूस. संस्कृत येत नाही, पण हिशेब येतो.

हिशेब असा. कृत, त्रेता, द्वापर, कली ही चार युगं. त्यांचं माप चार, तीन, दोन, एक. पुराणांच्या मोजणीत कलियुग ४,३२,००० वर्षांचं आणि चारी मिळून ४३,२०,०००. अशी हजार चक्रं फिरली की ब्रह्मदेवाचा एक दिवस, म्हणजे ४३२ कोटी वर्षं. तेवढीच रात्र. उजाडलं की सृष्टी, मावळलं की प्रलय, पुन्हा सृष्टी. मनू सांगतो, परमेष्ठी हे सगळं जणू खेळत खेळत पुन्हा पुन्हा करतो.

कल्पना भव्य आहे, नाकारत नाही. कार्ल सेगनसारख्या शास्त्रज्ञानेही १९८० च्या ‘कॉसमॉस’मध्ये या आकड्यांचं कौतुक केलं. पण आकड्यांनी दिपून आपण पुढचं वाचत नाही. त्याच अध्यायात श्लोक २८ ते ३१ काढून बघा. ज्या जिवाला पहिल्यांदा जे काम नेमून दिलं तेच काम तो पुन्हा पुन्हा जन्मून आपणहून धरतो. ऋतू जशी आपापली लक्षणं धरतात तसा. आणि लगेच मुख, बाहू, मांड्या, पाय यांतून चार वर्ण. म्हणजे जग बुडतं, वर्ण बुडत नाही. त्याचं बियाणं जपून ठेवलेलं असतं. मावशीच्या प्रश्नाचं उत्तर मनूने कधीच देऊन ठेवलंय!

आता दुसरी गंमत. महाभारतात वनपर्वात मार्कंडेय ऋषी युधिष्ठिराला कलियुगाच्या अखेरीची लक्षणं सांगतात. शूद्र धर्म सांगतील आणि ब्राह्मण ऐकतील. शूद्र द्विजांची सेवा सोडतील. लोक देवळं सोडून एडूक पुजतील. एडूक म्हणजे अस्थी ठेवलेली वास्तू. अभ्यासक त्यात बौद्ध स्तूप पाहतात. वाचता वाचता मी उठून बसलो. ही तर आपल्या मागण्यांची यादी! आपली पहाट त्यांनी जगबुडीच्या खात्यात मांडलीय. आणि मग कल्की येणार, तोही ब्राह्मणाच्या घरात, आणि घडी परत बसवणार.

बाबासाहेबांनी हे कोडं फोडलं होतं. ‘रिडल्स इन हिंदुइझम’ त्यांच्या मागे, १९८७ साली, महाराष्ट्र शासनाने छापलं. त्यात ते विचारतात, कलियुग संपतच का नाही? त्यांचं म्हणणं, मूळ हजार वर्षांना आधी संधिकाळ जोडून १,२०० केली, मग ती देवांची वर्षं ठरवून ३६० ने गुणली. मुदत सरत आली की मुदत वाढवायची. हंगामी कामगाराला ‘पुढल्या महिन्यात कायम करू’ म्हणतात, तसंच हे.

कुणी म्हणेल, आपल्याकडेही चक्र आहे. आहे. दीघनिकायातल्या अग्गञ्ञ सुत्तात जग आकुंचन पावतं, पुन्हा पसरतं. पण तिथे माणसं बिघडतात ती लोभाने, भात साठवण्याने, चोरीने. वर्ण होतात ते एकाच जातीच्या माणसांतून, कामावरून. राजा कुणाच्या तोंडातून पडत नाही, लोक त्याला निवडतात. आणि जग शाश्वत की अशाश्वत, या वादात भगवंतांनी वेळच घालवला नाही. बाण लागलेल्या माणसाचा आधी बाण काढा, म्हणाले.

म्हणून आपल्या कवितेबद्दल माझी तक्रार आहे, त्यात मी पहिला. आपल्या वह्या बघा: प्रलय, तांडव, महाकाल, युगान्त. राग आपला, पण शब्द त्यांच्या कोठारातले. राग कमी करा असं मी म्हणत नाही. पण प्रलयाला तारीख नसते आणि तो कुणा माणसाने केलेला नसतो. महाडलाही पाणी होतं आणि आग होती. पाण्याला २० मार्च १९२७ ही तारीख आहे, मनुस्मृती जाळली त्या आगीला २५ डिसेंबर १९२७. तिथे जग बुडलं नाही. माणसं चालत गेली, ओंजळीने पाणी प्यायली, ठरवून एक पुस्तक जाळलं. यातलं काही आपोआप फिरून आलं नव्हतं.

मी रोज आठ तास चात्या फिरताना बघतो. लांबून वाटतं, त्या अनादी काळापासून फिरतायत. पण मोटार बंद केली की थांबतात. बटण कुठं आहे ते आम्हाला ठाऊक असतं.

‘प्रलय’ मी वहीतून काढून टाकली. नवी अजून जमली नाही. मावशीच्या हातातला खराटा खाली ठेवला जातो तिथून ती सुरू करायचीय, आणि तिथेच अडलोय. तुमच्यापैकी कुणाला आधी जमली तर याच अंकाच्या पत्त्यावर धाडा. मी ती विहारात, मावशीसमोर वाचीन.

जयभीम.