लाँग मेलफर्डच्या भिंतीवरील नांवें

देवालयाच्या भिंतीवर देणगीदारांचीं नांवें कोरलेलीं दिसलीं, कीं सुशिक्षित प्रेक्षक किंचित् हंसतो. भक्तीपेक्षां जाहिरातच अधिक, असा निकाल तो मनांतल्या मनांत देऊन टाकतो. इंग्लंडांतील सफोक परगण्यांत लाँग मेलफर्ड गांवचें होली ट्रिनिटी चर्च पाहतांनाही हाच मोह होतो. परंतु तो निकाल येथें टिकत नाहीं, असें आम्हांस वाटतें.

चर्चचा बहुतेक भाग १५ व्या शतकाच्या उत्तरार्धांत उभा राहिला. त्यासाठीं लागलेला पैसा मुख्यतः लोकरी कापडाच्या व्यापारांतून आला. दात्यांतील अग्रणी जॉन क्लॉप्टन. १४६२ सालीं राजद्रोहाच्या आरोपावरून त्यास पकडलें होतें. इतरांचे शिरच्छेद झाले, हा वांचला. मृत्यूची सावली अंगावरून गेलेल्या माणसाचें हें दान आहे, हें विसरूं नये.

वास्तूची शैली 'पर्पेंडिक्युलर' म्हणून ओळखली जाते. उंच, सडपातळ खांब. खिडक्या इतक्या मोठ्या, कीं भिंत जणूं कांचेस जागा करून देण्यापुरतीच उरली आहे. बाहेरून चकमकीचे काळे दगड फोडून फिक्या दगडांत बसविले आहेत, आणि त्याच कारागिरींत तीं नांवें गुंफलीं आहेत. पण लेखांत नुसतीं नांवें नाहींत. अमक्याच्या आत्म्यासाठीं प्रार्थना करा, अशी विनंति त्यांत आहे. जिवंतांच्या प्रार्थनेनें मृतात्म्याच्या शुद्धीच्या यातना कमी होतात, अशी त्या काळाची श्रद्धा होती. म्हणजे ज्यास आपण बढाई समजलों, ती याचना निघाली. दाताच येथें हात पसरून उभा आहे.

पुढें धर्मक्रांति झाली. १५४७ च्या कायद्यानें मृतांसाठीं प्रार्थना करणाऱ्या संस्था बंद पडल्या, मूर्तीही गेल्या. बालपणीं पाहिलेल्या वैभवाचें वर्णन रॉजर मार्टिन या गांवकऱ्यानें पुढें लिहून ठेविलें, म्हणून तें आपणांस कळतें. भिंतीवरची विनंति मात्र राहिली. तिला उत्तर देणें तेवढें निषिद्ध ठरलें.

तरीही वास्तु ओस पडली नाहीं. १४९६ च्या लेडी चॅपेलमध्यें पुढें मुलांची शाळा भरली. भिंतीवरील पाढ्यांचा तक्ता आजही दिसतो. जुना मनोरा १७१० च्या सुमारास वीज पडून नष्ट झाला. त्याच्या जागीं विटांचा मनोरा आला, आणि १८९८ ते १९०३ च्या दरम्यान बॉडलीनें त्यावर दगडी वेष्टन चढविलें. बॉडलीचें काम सुरेख आहे, यांत शंका नाहीं. पण तें जुन्या शैलीच्या अभ्यासांतून निघालें आहे. खालच्या भिंती निघाल्या त्या भीतींतून आणि आशेंतून. हा फरक पाहणाऱ्यास जाणवल्यावांचून राहत नाहीं.

ती श्रद्धा आपली असण्याचें कारण नाहीं. तथापि पांचशें वर्षांनंतर त्या भिंतीपाशीं थांबून कोणी एक एक नांव लावून वाचतो, तेव्हां त्या व्यापाऱ्यांचें मागणें निदान अर्धें तरी पुरें होतें.