धोंडा कुणाला लागला?

आमच्या औंढ्यात सांगतात: पुजाऱ्यांनी नामदेवाला मागं हाकललं, तर नागनाथाचं देऊळच त्याच्याकडं फिरलं. मराठी सिनेमाचा कॅमेरा आपल्याकडं फिरायला फार वर्षं गेली. 'पिंजरा'त (१९७२) मास्तर बुडतो त्याची हळहळ. तमाशातली बाई कुठल्या वस्तीतली, कशापायी नाचते, हा सवालच नाही. नागराज मंजुळेच्या 'फँड्री'त (२०१३) कैकाड्याचा जब्या घरच्यांसोबत डुक्कर धरतो, गाव खिदळतं. शाळेच्या भिंतीवरल्या बाबासाहेबांसमोरून ते डुक्कर वाहून नेतात. शेवटी जब्यानं भिरकावलेला धोंडा सरळ पडद्याबाहेर येतो.

मी बौद्धवाड्यातला. लहानपणी कैकाड्याच्या पोराला कुणी चिडवलं की मीही खिदळायचो. दोस्तहो, सिनेमा चांगला म्हणून नुसत्या टाळ्या पिटू नका. धोंडा कुठं लागला ते बोला. मला लागला.